डी ड्राइव्हचा भरवसा

इंदूरच्या कृष्णपुऱ्यातल्या होळकरांच्या छत्र्यांपासून पायी जाण्याच्या अंतरावर जेल रोड आहे. इलेक्ट्रॉनिक्स आणि मोबाइलच्या दुकानांनी गजबजलेला हा बाजार मुंबईच्या लॅमिंग्टन रोडच्या आणि दिल्लीच्या नेहरू प्लेसच्या जातकुळीतला. शहरोशहरीच्या अशा बाजारांनी १९९०च्या दशकाच्या उत्तरार्धापासून मध्यमवर्गीय घरांत असेंबल केलेला संगणक पोचवला आणि त्याच्याबरोबर एक रीतही पोचवली. हार्ड डिस्क एकच असली तरी तिचे तीन-चार भाग पाडून द्यायचे. सीमध्ये विंडोज, डीमध्ये गेम, ईमध्ये गाणी आणि सिनेमे. सी ड्राइव्ह नाशवंत मानलेला होता. संगणक रेंगाळू लागला किंवा व्हायरस शिरला की सी फॉरमॅट मारायचा, विंडोज नव्याने टाकायचे आणि डीला हात लावायचा नाही. जे आपले, जे टिकवायचे, ते डीमध्ये, अशी ही साधी समजूत होती. पण फॉरमॅटनंतर डीमधल्या गेमवर क्लिक केले की बहुतेक वेळा तो सुरूच होत नसे. फोल्डर जागेवर, त्यातल्या शेकडो फाइली जशाच्या तशा, आणि गेम मात्र बंद. डीमधला फोल्डर उचलून ईमध्ये नेला तरी तेच. या छोट्या अपयशाचा इतिहास लिहिण्याजोगा आहे, कारण गेम नेमका कुठे राहतो आणि तो कोणाचा असतो, हे त्यातून कळते. माझे म्हणणे असे की एका ड्राइव्हवरून दुसऱ्या ड्राइव्हवर गेम नेण्यात फाइली उचलण्याची अडचण कधीच नव्हती. गेमच्या पत्त्याची नोंद कोणाच्या वहीत आहे, यावर सगळे ठरत आले. आणि गेम हलवणे जेव्हा एका क्लिकचे काम झाले, तेव्हा ती वही घराबाहेर गेलेली होती.

आधी ड्राइव्हच्या अक्षरांविषयी. १९८१च्या आयबीएम पीसीला ए आणि बी या दोन फ्लॉपी असत. १९८३च्या पीसी एक्सटीबरोबर १० एमबीची हार्ड डिस्क आली आणि तिला पुढचे अक्षर मिळाले, सी. त्याच वर्षीच्या एमएस-डॉस २.०ने फोल्डरच्या आत फोल्डर ठेवण्याची सोय केली. डिस्कचे तुकडे पाडण्याची चाल मात्र सोयीतून आली नाही, ती मर्यादेतून आली. डॉस ज्या फॅट१६ पद्धतीने डिस्कची नोंद ठेवी, तिच्यात एक विभाग २ जीबीहून मोठा होऊ शकत नसे. १९९५च्या पहिल्या विंडोज ९५मध्येही हीच अडचण होती, म्हणजे त्याहून मोठ्या डिस्कचे तुकडे पाडण्यावाचून गत्यंतर नव्हते. शिवाय विभाग मोठा केला की जागा वाया जाई: १ जीबीच्या वर गेलेल्या विभागात १ केबीची फाइलसुद्धा ३२ केबी अडवून बसे. १९९६च्या सुधारित आवृत्तीत फॅट३२ आल्यावर ही सक्ती संपली, तरी सवय राहिली. आणि ती राहिली हे योग्यच झाले, असे मला वाटते. विंडोज वारंवार मोडत होते, मूळ सीडी घरोघरी नसत, आणि बॅकअपसाठी दुसरी डिस्क घेणे परवडत नसे. अशा वेळी एकाच डिस्कवर नाशवंत आणि टिकाऊ अशी दोन दालने करणे हा विचार करून काढलेला उपाय होता. तंत्रज्ञांनी शिकवावे लागले नाही इतक्या सहज तो लोकांच्या अंगवळणी पडला. तो फसला, तर दोष रीतीचा नव्हता. गेम बनवणाऱ्यांनी आणि विंडोज बनवणाऱ्यांनी गेमची मांडणीच बदलून टाकली होती.

कारण त्याआधी हा उपाय अगदी चोख चालला असता. डॉसच्या काळातला गेम म्हणजे एक फोल्डर. जॉर्डन मेकनरचा प्रिन्स ऑफ पर्शिया १९९०मध्ये डॉसवर आला. त्याच्या सगळ्या फाइली एका फोल्डरात मावत आणि तो फोल्डर फ्लॉपीवरून घरोघर जाई. डेंजरस डेव्हचेही तसेच. कॉपी करा, नावाची आज्ञा टाइप करा, खेळा. डिसेंबर १९९३मध्ये आलेल्या डूमने तर गेमचे चालणारे इंजिन वेगळे आणि नकाशे-चित्रे-आवाज यांची भलीमोठी फाइल वेगळी, अशी स्वच्छ वाटणी केली होती. तरीही दोन्ही शेजारी शेजारी, एकाच छताखाली. गेमला आपल्या सामानाचा शोध घ्यायचा असे तो ‘मी जिथे आहे तिथे’ एवढ्याच खुणेने, त्यामुळे सीवरून डीवर नेले काय किंवा दुसऱ्याच संगणकावर नेले काय, सामान त्याच्या उशाशीच असे. संगणक बदलला तर साउंड कार्डाची माहिती पुन्हा भरावी लागे: पोर्ट २२०, आयआरक्यू ५ किंवा ७, डीएमए १. पण ती माहिती यंत्राबद्दलची असे आणि तिची नोंदही गेमच्याच फोल्डरात एका छोट्या फाइलीत बसे. चोरी रोखण्याचे उपायही पत्त्याशी बांधलेले नव्हते. प्रिन्समध्ये पुस्तिकेतले अक्षर पाहून योग्य पेय प्यावे लागे. पुस्तिका हाती असली की गेम कुठल्याही ड्राइव्हवरून चाले.

२४ ऑगस्ट १९९५ रोजी विंडोज ९५ बाजारात आले आणि गेमची मांडणी पालटली. रजिस्ट्री १९९२च्या विंडोज ३.१मध्येही होती, पण तिथे तिचे काम मोजके होते. आता ती साऱ्या यंत्राची मध्यवर्ती नोंदवही झाली आणि ती सी ड्राइव्हवर, विंडोजच्या पोटात राहू लागली. गेम टाकताना सेटअपचा प्रोग्राम फाइली डीमध्ये उतरवी, पण आपण कुठे उतरलो, कोणती भाषा, कोणता सीरियल क्रमांक, कोणती आवृत्ती, हे तो रजिस्ट्रीत लिही. काही सामायिक फाइली विंडोजच्या सिस्टीम फोल्डरात टाकी, डायरेक्टएक्सची नवी आवृत्ती बसवी, स्टार्ट मेनूत शॉर्टकट ठेवी. पुढच्या वेळी सुरू होताना बरेच गेम आजूबाजूला न पाहता आधी रजिस्ट्रीला विचारत: माझे घर कुठे? सी फॉरमॅट मारला की रजिस्ट्री नवी कोरी होई आणि उत्तर मिळत नसे. फोल्डर ईमध्ये हलवला की उत्तर मिळे, पण जुन्या जागेचे. डीमध्ये गेमचे जडसामान होते, त्याची ओळखपत्रे सीमध्ये होती. त्याहून वाईट गोष्ट सेव्हची. ग्रँड थेफ्ट ऑटो व्हाइस सिटी डीमध्ये टाकला तरी खेळाची प्रगती माय डॉक्युमेंट्समधल्या आपल्या वेगळ्या फोल्डरात साठवी, नीड फॉर स्पीड मोस्ट वाँटेडही तसेच करी, आणि माय डॉक्युमेंट्स हा सी ड्राइव्हचाच भाग. म्हणजे ज्या एकाच गोष्टीवर खेळणाऱ्याची मेहनत खर्ची पडली होती, ती नेमकी नाशवंत दालनात ठेवलेली. बाकी सारे सीडीवरून पुन्हा उतरवता येत होते. सेव्ह पुन्हा मिळणार नव्हते.

यावर मायक्रोसॉफ्टच्या बाजूने जे म्हणता येईल, ते कमी वजनाचे नाही. रजिस्ट्रीच्या आधी प्रत्येक प्रोग्राम आपापली आयएनआय फाइल कुठेही ठेवी, दोन प्रोग्राम एकाच फाइलीत लिहून एकमेकांचे नुकसान करत, आणि प्रोग्राम काढून टाकायचा तर काय काय पुसायचे याची यादी कोणाकडेच नसे. ॲड-रिमूव्ह प्रोग्रामची सोय मध्यवर्ती नोंदीशिवाय झाली नसती. एकाच संगणकावर घरातली चार माणसे चार खाती वापरू लागली, तेव्हा प्रत्येकाचे सेव्ह गेमच्या फोल्डरात एकत्र कोंबणेही बरोबर नव्हते. हे सगळे मान्य. पण या युक्तिवादातून एवढेच निघते की मध्यवर्ती वहीत एक नोंद असावी. मूळ प्रत त्याच वहीत असावी आणि गेमच्या उशाशी काहीच नसावे, हे त्यातून निघत नाही. गेमने आपला पत्ता स्वतःच्या जागेवरून ओळखला असता आणि रजिस्ट्रीत फक्त त्याची नक्कल ठेवली असती, तर काढून टाकण्याची सोयही राहिली असती आणि हलवण्याचीही. त्या काळातही असे वागणारे गेम होते. काउंटर-स्ट्राइक १.६च्या कॉपी केलेल्या फोल्डरांवर सायबर कॅफेंमधल्या कितीतरी स्पर्धा झाल्या, कारण तो फोल्डर नेटवर्कवरून दहा संगणकांवर टाकला की दहाही ठिकाणी चाले. म्हणजे जमत होते. ते नियम म्हणून मागितले गेले नाही, एवढेच.

आणि ते मागितले न जाण्यामागे एक व्यापारी कारण होते. १९९८च्या सुमारास सेफडिस्क आणि सिक्युरॉम या दोन पद्धती आल्या. गेम सुरू होताना ड्राइव्हमधली सीडी अस्सल आहे का, हे त्या डिस्कवरच्या मुद्दाम ठेवलेल्या खुणांवरून तपासत. सीडी ड्राइव्हचे अक्षर अनेकदा रजिस्ट्रीत नोंदलेले असे. हार्ड डिस्कचा एक विभाग वाढवला आणि सीडीचे अक्षर ईचे एफ झाले, की अस्सल सीडी आत असूनही ‘सीडी घाला’ अशी सूचना येई. ज्याने पैसे मोजले त्याचीच अडवणूक. प्रकाशकांचे उत्तर ठरलेले होते: गेम सहज हलवता आला तर तो शेजारच्या संगणकावरही सहज जाईल. भारताच्या बाबतीत हे उत्तर उडवून लावता येत नाही. अस्सल प्रतीची किंमत परवडत नसल्यामुळे आपल्या बाजारांत पायरेटेड सीड्यांचे राज्य होते आणि त्याचे समर्थन मी करत नाही. तरी पुराव्याकडे पाहिले तर ही अडवणूक नेमकी उलट्या बाजूला काम करताना दिसते. पायरेटेड प्रतीसोबत सीडीची तपासणी चुकवणारा क्रॅक येई, काही प्रतींसोबत पत्ता लिहून देणारी छोटी रजिस्ट्री फाइलही येई. तिच्यावर दोनदा क्लिक केले की गेमला आपले नवे घर कळे. चोरीची प्रत हलवता येत होती आणि विकत घेतलेली प्रत अडकून पडत होती. चोरी रोखण्याचा जो उपाय चोराला चालता ठेवतो आणि गिऱ्हाइकाला थांबवतो, तो चोरी रोखण्याचा उपाय म्हणून टिकत नाही.

दरम्यान वापरणाऱ्यांनी आपली वाट काढली, आणि ती वाट मला या सगळ्या इतिहासातला सर्वात हुशार भाग वाटते. विंडोज २०००च्या एनटीएफएसमध्ये जंक्शन नावाची सोय आली, आणि विंडोज व्हिस्टाबरोबर एमकेलिंक ही आज्ञा सर्वांच्या हाती पडली. युनिक्सच्या जगात असे दुवे १९८०च्या दशकापासून रुळलेले होते. फोल्डर नव्या ड्राइव्हवर न्यायचा आणि जुन्या जागी त्याच नावाचा पोकळ फोल्डर ठेवायचा, जो मागणारा आला की त्याला गुपचूप नव्या जागी धाडतो. पोस्टात पत्ता बदलल्याची चिठ्ठी दिली की जुन्या पत्त्यावरची पत्रे नव्या घरी येतात, तसे. गेम जुनाच पत्ता विचारी, रजिस्ट्री जुनाच पत्ता सांगे, आणि तरीही फाइली नव्या ड्राइव्हवरून येत. कुणाचीही परवानगी लागत नसे, गेममध्ये एक अक्षरही बदलावे लागत नसे. या युक्तीची गरज २००८नंतर वाढली, कारण एसएसडी बाजारात आल्या. त्या वेगवान होत्या पण लहान आणि महाग. पहिल्या काही वर्षांत साधारण घरात आलीच तर साठ किंवा एकशे अठ्ठावीस जीबीची. जो गेम सध्या खेळत आहोत तेवढाच एसएसडीवर ठेवायचा, तो संपला की मोठ्या हार्ड डिस्कवर परत न्यायचा, अशी ये-जा सुरू झाली. एकाच ड्राइव्हच्या आत फोल्डर हलवला तर फक्त नोंद बदलते आणि काम क्षणात होते. ड्राइव्ह बदलला की प्रत्येक बाइट खरोखर कॉपी होतो आणि मग जुना पुसला जातो. सेकंदाला शंभर एमबीच्या वेगाने शंभर जीबीला पाऊण तासाच्या निम्म्याहून कमी वेळ लागतो, यूएसबी २.०च्या डिस्कवर तासभर. तेवढा वेळ थांबायला लोक तयार होते. पुन्हा डाउनलोड करण्यापेक्षा ते केव्हाही बरे.

भारतात तर ते फारच बरे. २००४च्या सरकारी ब्रॉडबँड धोरणाने ज्या वेगाला ब्रॉडबँड म्हणावे असे ठरवले, तो सेकंदाला २५६ किलोबिट होता. त्या वेगाने ४.७ जीबीची एक डीव्हीडी उतरवायला सलग चाळीस तास लागतात. २०१५मध्ये पीसीवर आलेला ग्रँड थेफ्ट ऑटो ५ पासष्ट जीबी जागा मागत होता. जुन्या वेगाने तो तेवीस दिवसांचा ऐवज. वेग वाढले, पण गेमही वाढले: २०१९चा रेड डेड रिडेम्प्शन २ दीडशे जीबी मागतो. परदेशात ‘काढून टाका आणि पुन्हा उतरवा’ हा सल्ला सरसकट दिला जाई. इथल्या डेटाच्या मर्यादेत तो सल्ला चैनीचा होता, आणि उतरवलेली गोष्ट हलवून टिकवणे ही गरज होती.

आता स्टीम या ऑनलाइन गेम-दुकानाकडे. व्हॉल्व्ह कंपनीने १२ सप्टेंबर २००३ रोजी स्टीम सुरू केले. पहिली नऊ वर्षे सगळे गेम स्टीमच्याच फोल्डरात, स्टीम ज्या ड्राइव्हवर आहे तिथेच राहत. हलवायचे तर एकटा गेम हलत नसे, आख्खे स्टीम हलवावे लागे: स्टीमॲप्स फोल्डर आणि स्टीमची मूळ फाइल तेवढी ठेवायची, बाकी सगळे पुसायचे, उरलेले नव्या जागी न्यायचे आणि स्टीम पुन्हा सुरू करायचे. जंक्शनची युक्ती आपोआप करून देणारी स्टीम मूव्हरसारखी छोटी साधने याच काळात पसरली. २०१२मध्ये स्टीमने दुसऱ्या ड्राइव्हवर दुसरी लायब्ररी उघडायची मुभा दिली, आणि २०१७मध्ये गेमच्या गुणधर्मांत फोल्डर हलवण्याचे बटण आले. लोकांची युक्ती दुकानाची सोय झाली. पण हे बटण शक्य झाले ते आधीच्या एका निवडीमुळे. स्टीमच्या दृष्टीने गेमची ओळख त्याचा पत्ता नसतो, क्रमांक असतो. काउंटर-स्ट्राइकचा क्रमांक १०, हाफ-लाइफ २चा २२०. डेस्कटॉपवरचा शॉर्टकट फोल्डराकडे बोट दाखवत नाही, क्रमांकाकडे दाखवतो. प्रत्येक लायब्ररीत त्या क्रमांकाची एक छोटी नोंद फाइल असते आणि लायब्रऱ्या कुठे कुठे आहेत याची एक वेगळी यादी. गेम डीवरून ईवर गेला तर ही नोंद त्याच्याबरोबर जाते, शॉर्टकट तसाच चालतो. १९९५मध्ये जे करता आले असते, ते बावीस वर्षांनी झाले.

कृष्णपुऱ्याच्या छत्र्या इथे आठवतात त्या केवळ शेजारामुळे नाहीत. होळकरांची राजधानी एका जागी राहिली नाही. अहिल्याबाईंनी कारभार महेश्वरहून केला, यशवंतरावांचे ठाणे भानपुऱ्यास होते आणि १८११मध्ये ते तिथेच वारले. त्यांची छत्री भानपुऱ्यास आहे, अहिल्याबाईंची महेश्वरास. कृष्णपुऱ्यात कान्ह नदीच्या काठी कृष्णाबाई, दुसरे तुकोजीराव आणि शिवाजीराव यांच्या छत्र्या आहेत, कारण १८१८नंतर राजधानी इंदूरला आली होती. जागा बदलत गेली तरी राज्य तेच राहिले, आणि त्याचे एक कारण होळकरांच्या प्रसिद्ध परंपरेत सापडते: राज्य श्रीशंकराचे, आज्ञा त्याच्या नावाने. ज्या सत्तेची ओळख गावाला चिकटलेली नसते, ती गाव बदलू शकते. स्टीमच्या क्रमांकाचे काम याच जातीचे आहे. मात्र १८१८ची दुसरी बाजूही पाहायला हवी. २१ डिसेंबर १८१७ला महिदपूरची लढाई होळकर हरले आणि ६ जानेवारी १८१८ला मंदसोरचा तह झाला. राजधानी इंदूरला स्थिरावली ती याच तहानंतर, आणि त्याच तहाने ईस्ट इंडिया कंपनीचे वर्चस्व मान्य करावे लागले. ब्रिटिश रेसिडेन्सीही इंदुरातच बसली. घर पक्के झाले आणि शेवटचा शब्द घराबाहेर गेला, या दोन्ही गोष्टी एकाच काळातल्या. या तुलनेला मर्यादा आहे, हे सांगायलाच हवे: होळकरांनी तह पराभवानंतर केला, गेम घेणारा अटी मान्य करतो ते एका क्लिकने आणि बहुधा न वाचता. पण परिणामाची रचना सारखी आहे. स्टीमने गेमची ओळख रजिस्ट्रीच्या कैदेतून सोडवली, आणि ती ओळख घरच्या संगणकावरून कंपनीच्या सर्व्हरवरच्या खात्यात नेली. आता फोल्डर हवा तिथे न्या. तो चालवायचा हक्क त्या फोल्डरात नाही.

हा नुसता तात्त्विक धोका नव्हे. २००८चा स्पोर हा गेम विकत घेतल्यावर सुरुवातीला तीनदाच चालू करून घेता येत असे, विंडोज नव्याने टाकले तरी त्यातली एक संधी खर्च होण्याची भीती. ओरड झाल्यावर मर्यादा पाचवर नेली गेली. ३१ मार्च २०२४ रोजी युबिसॉफ्टने द क्रू या गेमचे सर्व्हर बंद केले आणि तो गेम पैसे देऊन घेतलेल्यांच्या डिस्कवरही निरुपयोगी झाला. कॅलिफोर्नियाने २०२४मध्ये कायदा केला की डिजिटल वस्तू विकताना आपण परवाना देत आहोत, मालकी नव्हे, हे स्पष्ट सांगावे. तो १ जानेवारी २०२५पासून लागू झाला, आणि स्टीमने त्याआधीच पैसे भरण्याच्या पानावर तशी ओळ घातली. कोणी म्हणेल, गेम म्हणजे करमणूक, संपला की विसरायचा. मालकीची एवढी चिंता कशाला? जो गेम एकदाच खेळून सोडतो, त्याच्यापुरते हे खरे आहे. पण पुस्तकाबद्दल, ध्वनिमुद्रिकेबद्दल आपण असे म्हणत नाही, आणि व्हाइस सिटी किंवा एज ऑफ एम्पायर्स २वर वाढलेल्या पिढीच्या आठवणीत हे गेम त्याच पंक्तीत बसले आहेत. दुसरा आक्षेप असा की हलवण्याची सोय आणि दूरची परवानगी या एकमेकींना बांधलेल्या आहेत, एक हवी तर दुसरी घ्यावी लागेल. ते खरे नाही. सीडी प्रोजेक्टने २००८मध्ये सुरू केलेले जीओजी गेमच्या इन्स्टॉलर फाइली कुलुपाशिवाय विकते. त्या कोणत्याही ड्राइव्हवर, इंटरनेटशिवाय, पुन्हा पुन्हा उतरवता येतात, आणि हा धंदा आजही चालू आहे.

पुराव्यातली सगळ्यात बोलकी गोष्ट उलट्या क्रमाची आहे: जुने गेम नव्यापेक्षा चांगले टिकले. प्रिन्स ऑफ पर्शियाचा १९९०चा फोल्डर डॉसबॉक्स या डॉसची नक्कल करणाऱ्या प्रोग्राममध्ये टाकला की आजही चालतो. जानेवारी २०१५मध्ये इंटरनेट अर्काइव्हने सुमारे २४०० डॉस गेम ब्राउझरमध्येच खेळता येतील असे ठेवले. ड्राइव्ह तर सोडाच, यंत्रसुद्धा बदलले आणि गेम चालले, कारण त्यांचे सारे सामान त्यांच्याजवळ होते. याउलट सेफडिस्कचा ड्रायव्हर सुरक्षेच्या कारणाने विंडोज १०मध्ये ठेवलाच गेला नाही, आणि त्या काळात पैसे देऊन घेतलेल्या कितीतरी सीड्या मूळ रूपात चालायच्या थांबल्या. म्हणजे साधारण १९९८ ते २००८ या काळातले गेम सर्वाधिक संकटात आहेत, आणि आपल्याकडे घरातला पहिला संगणक आला तो बहुतेक याच वर्षांत. त्या काळचे संगणक अजून कुठे माळ्यावर, कुठे दुकानाच्या मागच्या खोलीत असतील. त्यांतला एखादा चालू होत असेल, तर केवळ डीमधला फोल्डर कॉपी करून भागणार नाही. रजिस्ट्रीत त्या गेमच्या नावाची शाखा शोधून ती फाइलीत उतरवून घ्यायला हवी, माय डॉक्युमेंट्समधले सेव्ह वेगळे उचलायला हवेत, सीडीच्या कव्हरावरचा सीरियल क्रमांक लिहून ठेवायला हवा आणि सीडीची प्रतिमा करून ठेवायला हवी. चारही गोष्टी एका फोल्डरात, एका ठिकाणी. जुन्या हार्ड डिस्क झिजत आहेत आणि सीड्यांचा थर उतरत आहे. हे काम आताच होऊ शकते.